स्पिंडल आणायला गेलास त्या दिवशी

खामगाव

प्रिय अश्वजित,

सप्रेम जयभीम.

हे पत्र हातात आल्यावर तू आधी उलटसुलट करून पाहशील, की आईनं हे काय नवीन काढलं. आपण रोज फोनवर बोलतोच. पण फोनवर मी 'जेवलास का' विचारते, तू 'हो' म्हणतोस, मग मी इथल्या उन्हाचं सांगते, तू तिथल्या उन्हाचं सांगतोस आणि दोघांचंही बोलणं संपतं. कागदावर तसं होत नाही. कागद मध्येच 'ठेवू का आता' म्हणत नाही. केसपेपरवर घाईनं लिहून लिहून माझं अक्षर पार बिघडलं आहे, तेवढं सांभाळून घे.

घरी सगळं बरं आहे. तुझ्या बाबांची पाठ दुखते, पण एसटीच्या स्टिअरिंगवर बसले की म्हणे दुखत नाही, घरी आले की दुखते. शेजारच्या जयमालाकाकूंनी कैऱ्या उतरवल्या, टोपलंभर आपल्याकडे आल्या, त्यांचं मी अजून काहीच केलेलं नाही. दवाखान्यात उन्हाची गर्दी सुरू झाली. नळाला पाणी येतं, पण त्याच्या मर्जीनं. मागच्या खेपेला इतका उशीर झाला, की गल्लीतल्या बाया टँकरच्या मागे पळत होत्या आणि त्यात मीही होते, युनिफॉर्ममध्ये.

मला तुला दोन वर्षांपूर्वीच्या उन्हाळ्यातला एक दिवस सांगायचा आहे. सिंकच्या नळाचं स्पिंडल आणायला तू गेला होतास, तो दिवस. तुझ्या बाजूनं तो दिवस तुला ठाऊकच आहे. माझ्या बाजूनं तो कसा गेला, हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. तुझ्या बाबांनाही अर्धंच.

त्याआधीचे महिने आठवतात का तुला? रेल्वेची परीक्षा तू पास झालास तेव्हा तुझ्या बाबांनी अख्ख्या डेपोला पेढे वाटले होते. 'मी रस्त्यावर गाडी चालवली, पोरगं रुळावर चालवीन,' हे त्यांनी भेटेल त्याला सांगितलं. मग वैद्यकीय तपासणीत तुझ्यापुढे ते रंगीत ठिपक्यांचं पुस्तक ठेवलं. इतरांना त्या ठिपक्यांत आकडे दिसले, तुला नुसते ठिपके. लाल आणि हिरवा तुला आमच्यासारखा वेगळा दिसत नाही, हे आम्हाला तेव्हा कळलं. ज्याला सिग्नल ओळखायचा, त्याला तो दिसलाच पाहिजे. त्यात कुणाची चूक नव्हती. भांडायला कुणी नव्हतं, अपील करायला जागा नव्हती, पुन्हा अभ्यास करून उपयोग नव्हता. तू घरी आलास, चप्पल काढलीस, 'नाही झालं' एवढंच म्हणालास आणि आपल्या खोलीत गेलास.

त्यानंतर तू खोलीतून बाहेर यायचास तो जेवायला. पुढे पुढे ताट आतच न्यायला लागलास. आम्ही दोघं घरात चोरासारखे वावरायचो. टीव्हीचा आवाज कमी, बोलणं कमी. एका रविवारी तुझ्या बाबांनी पेचकस घेतला आणि तुझ्या दाराची आतली कडी काढून टाकली. 'गंजली होती,' म्हणाले. कडी गंजलेली नव्हती. मी ती केराच्या डब्यात पाहिली, चांगली चकचकीत होती.

त्याच दिवसांत सिंकचा नळ गळायला लागला. आधी थेंब, मग थेंबाची धार. पाण्याची ओढाताण, त्यात ही गळती. वरची टाकी बसल्या जागी रिकामी व्हायची. मी नळाला चिंधी बांधली, खाली पातेलं ठेवलं. पातेल्यात थेंब पडल्याचा आवाज घरभर ऐकू यायचा. एरवी तुझ्या बाबांनी एका बैठकीत दुरुस्त केला असता तो. पण तेव्हा आमच्या दोघांच्याही अंगात काही नवीन हाती घ्यायचं बळच नव्हतं.

आणि त्या दिवशी सकाळी मी ड्यूटीला निघाले, तर तू ओट्याजवळ उभा. अंघोळ झालेली, दाढी केलेली, हातात पान्हा. टाकीचा कॉक तू बंद करून आला होतास. नळाचं मुंडकं काढलेलं आणि मूठ फिरवली की आत फिरतं ते पितळी स्पिंडल तुझ्या तळहातावर. 'नुसतं वायसर बदलून नाही भागणार, आई,' म्हणालास. 'आटे झिजले. हेच नवीन टाकावं लागते. घेऊन येतो मी.' इतक्या महिन्यांनी तू एका दमात एवढं बोललास. मी बोलायला गेले असते तर रडले असते, म्हणून 'बरं' म्हणून निघाले. दवाखान्यापर्यंत मी पायी गेले, रिक्षा केली नाही. वाटेत ओळखीच्या बाईला उगाच थांबवून सांगितलं, 'अश्वजित आज नळ दुरुस्त करतोय.' तिला वाटलं असेल, या सिस्टरला उन्हाचा त्रास झाला.

जेवणाच्या सुट्टीत तुला फोन केला. उचलला नाहीस. गाडीवर असशील, दुकानात असशील. पुन्हा केला, पुन्हा वाजून बंद झाला. ड्यूटी संपली तशी घरी आले. दाराला कुलूप, किल्ली जयमालाकाकूंकडे. त्या म्हणाल्या, 'सकायीच गेला तो. अजून नाई आला. माह्या पाया पडला न् गेला.'

पाया पडला. बाळा, तू काकूंच्या पाया फक्त परीक्षेला जाताना पडायचास.

मी कुलूप उघडलं. तुझा फोन चार्जिंगला लावलेला, त्यावर माझेच कॉल. तुझ्या खोलीत अंथरूण घडी घालून ठेवलेलं, महिन्यांत पहिल्यांदा. टेबल पुसलेलं. रेल्वेच्या परीक्षेची सगळी पुस्तकं एका पोत्यात भरून पोत्याचं तोंड सुतळीनं बांधलेलं. कपडे धुऊन दोरीवर वाळत घातलेले. दुसरी कुठली आई असती तर खूश झाली असती. पण मी इतकी वर्षं अपघात विभागात काढली आहेत. स्ट्रेचरच्या मागे धावत येणारे नातेवाईक काय म्हणतात ते मी ऐकलेलं आहे. 'सकायी चांगला होता हो सिस्टर. आंघोळ केली, घर आवरलं, सगळ्यायशी गोड बोलला.' ते बोलणं मला त्या खोलीत तुझ्या टेबलापाशी ऐकू यायला लागलं आणि थांबेना.

स्वयंपाकघरात गेले. नळ तसाच, मुंडकं नसलेला, आत काळं भोक. मी स्वतःला सांगितलं, ज्याला परत यायचं नाही तो आईचं स्वयंपाकघर असं बिनपाण्याचं ठेवून जाणार नाही. लगेच दुसरं मन म्हणालं, कॉक बघ किती घट्ट बंद केला आहे, एक थेंब वाया जाऊ नये म्हणून. दोन्ही खरं वाटत होतं. मी तशीच युनिफॉर्मवर बाहेर पडले.

तू कुठे गेलास ते मला ठाऊक नव्हतं, पण कशासाठी गेलास ते ठाऊक होतं. तेवढाच एक धागा होता. बाजारातल्या फरशी भागात भगवंतरावांच्या हार्डवेअरच्या दुकानात गेले. 'हाव, आलता ना तुमचा अश्वजित,' ते म्हणाले. 'जुनं स्पिंडल घेऊन. म्या पाह्यलं, म्हनलं बापू, हा जुना माल हाये. आता याचे आटे बी येगळे येतात न् वरचे दाते बी येगळे. नवा बसवशीन तर वरची मूठ बसनार नाई. नवा नळच घेऊन जाय. तर नाई म्हने, हाच दुरुस्त करतो.' मी विचारलं, 'कसा दिसत होता?' ते गोंधळले. 'कसा म्हंजे? जसा दिसते तसाच दिसत होता. काऊन, काही झालं काय सिस्टर?' मी म्हटलं, 'काही नाही, फोन घरी विसरला.' हे वाक्य मी त्या दिवशी सगळीकडे वापरलं.

भगवंतरावांच्या दुकानाला लागून कृषी केंद्र आहे, तुला माहीत आहे. बियाणं, खत आणि फवारणीची औषधं. मी त्याच्यापुढून निघून गेले. चार पावलं गेले आणि परत आले. पायरी चढवेना, तरी चढले. गल्ल्यावर वयस्क माणूस बसला होता, त्यानं माझ्या अंगावरचा युनिफॉर्म पाहिला, चेहरा पाहिला. मी म्हटलं, 'आज सकाळपासून एक मुलगा... उंच, चष्मा नाही, निळा शर्ट...' माझं वाक्य पुरं होईना. त्यानं मला पुरं करूही दिलं नाही. 'नाई बाई,' तो अगदी हळू म्हणाला. 'तसं कोनी नाई आलं आज. मी सोता बसून हावो सकायपासून. माह्या हातून असं कोनाले देनं होत नाई.' त्याला सगळं कळलं होतं. मला त्याचे आभारही मानता आले नाहीत. खाली उतरले आणि दुकानाच्या सावलीत उभी राहून श्वास घेतला.

मग बाजारातल्या बाकीच्या दुकानांत फिरले. कुणी म्हणालं आला होता, कुणी म्हणालं नाही. एकानं सांगितलं की तू त्याच्याकडचं स्पिंडल तिथेच, सोबत नेलेल्या मुंडक्यात फिरवून पाहिलंस, अर्ध्यात अडकलं म्हणून परत केलंस. प्रत्येक 'आला होता'वर मला वाटायचं, म्हणजे खरंच शोधतो आहे पोरगा. दुकानातून बाहेर पडले की वाटायचं, एवढ्या दुकानांत नाही मिळालं, आता याचंही 'नाही झालं' झालं, मग तो काय करेल? एक साधी नळाची वस्तू, बाळा, पण ती कुठल्यातरी दुकानात मिळावी म्हणून मी इतकं मनोमन मागितलं, की तुझ्या परीक्षेच्या वेळीसुद्धा तेवढं मागितलं नव्हतं.

शेवटी सरस्वतीबाईंच्या पाइप-फिटिंगच्या दुकानात पोचले. त्यांनी मला आधी बसायला स्टूल दिलं. 'लय वेळ बसला इथंच,' त्या म्हणाल्या. 'माहे सारे डबे खाली काढून पाह्यले त्यानं. एक बी जुळलं नाई. मले म्हने, मावशी, एवढी एक गोष्ट तरी झाली पाह्यजे आज. म्या म्हनलं, होईन ना बाप्पा, त्यात काय. तुमच्या कॉलनीत नळ बसवले ते हिंमतरावनं. तो आता जलंबले राह्यते, त्याच्यापाशी जुना माल पडून हाये पोत्यानं. तर लगेच विचारलं, जलंबची गाडी केव्हा हाये.'

मी उभी राहिले ते स्टूल पडलं. सरस्वतीबाईंना कळेना मला काय झालं. जलंब म्हणजे तुला गाडी बदलायचं स्टेशन, बाकी कुणालाही तसंच. मला त्या वेळी जलंब म्हणजे फक्त रूळ दिसले. मुंबई-नागपूरची लाइन, न थांबता जाणाऱ्या गाड्या, आणि ज्याला त्या गाड्यांनी नको म्हटलं तो माझा मुलगा.

गाडी केव्हाच गेली होती. मी ऑटो केला. तुझ्या बाबांना फोन लावला, तर कंडक्टरनं उचलला, 'साहेब गाडी चालवून राह्यले, मेहकरले पोचलो का लावतो.' मेहकरच्या स्टँडवरून त्यांचा फोन आला तेव्हा मी निम्म्या वाटेत होते. मी सांगितलं की तू नळाचं सामान आणायला गेला आहेस आणि अजून आला नाहीस. ते म्हणाले, 'नळाचंच सामान आनाले गेला ना तो? मंग चांगलं हाये ना. तू काऊन घाबरून राह्यली?' मी म्हटलं, 'जलंबला गेलाय. रेल्वेनं.' मागे स्टँडवरची घोषणा, गाड्यांचे हॉर्न. मग ते म्हणाले, 'फोन कोठी हाये त्याचा?' मी म्हटलं, 'घरी.' 'पाया पडला काय कोनाच्या?' असं त्यांनी विचारलं, अश्वजित. मी काही न सांगता विचारलं. तेव्हा मला कळलं की हा माणूस रोज सकाळी घरून निघताना मनात काय घेऊन निघत होता. मी 'हो' म्हटलं. ते म्हणाले, 'मी येतो,' आणि फोन कट झाला.

जलंबच्या अलीकडे फाटक लागलेलं होतं. ऑटोवाल्यानं इंजिन बंद केलं. पुढे दोन मोटारसायकली, एक ट्रॅक्टर. पलीकडे रुळाच्या कडेला माणसं जमलेली दिसली. मी ऑटोतून उतरले आणि फाटकाच्या खालून वाकून जायला लागले. फाटकवाला ओरडला. ऑटोवाल्यानं मला दंडाला धरून मागे ओढलं, 'बाई, गाडी येऊन राह्यली!' मालगाडी गेली, डबा संपता संपेना. ती संपल्यावर दिसलं, जमलेली माणसं बसची वाट पाहत लिंबाच्या सावलीत उभी होती. एकजण कलिंगड कापून वाटत होता.

हिंमतरावांचं घर सापडायला वेळ लागला नाही. ते अंगणात बाजेवर पडून होते, दम्यानं बेजार. त्यांच्या बायकोनं, रुखमाबाईनं, मला पाणी दिलं. 'आलता ना बाई तुमचा पोरगा. मोठ्या मनाचा हाये. आमच्या यायले उठता येत नाई म्हून सोताच कोठ्यातलं पोतं काढलं, सारं भुईवर ओतलं, एकेक पाह्यत बसला. भेटलं त्याले. भेटलं तवा मले दाखवाले आला.' भेटलं! मी विचारलं, 'मग कुठे आहे?' 'गेला ना आताच. स्टेशनाकडं. लाइनीच्या कडेकडेनं गेला, जवळची वाट हाये ते.'

मी त्याच वाटेनं निघाले. धावले म्हणायचं तर माझं वय धावण्याचं नाही, चालले म्हणायचं तर तसं कुणी चालत नाही. बाभळीच्या फांद्यांनी युनिफॉर्म फाटला. स्टेशन दिसायला लागलं आणि फलाटाच्या अगदी टोकाला, जिथे छप्पर संपतं आणि माणसं थांबत नाहीत, तिथल्या सिमेंटच्या बाकावर तू बसलेला दिसलास. निळा शर्ट. मान खाली, हातातल्या वस्तूकडे पाहत.

मी हाक मारणार होते. तेवढ्यात तिकडून गाडीचा हॉर्न आला. न थांबणारी गाडी होती, लांबूनच तिचा वेग कळत होता. तू मान वर केलीस. आणि तू उठून उभा राहिलास.

तू लहान असताना शेगावच्या स्टेशनवर गाडी आली, की माझ्या मांडीवरून उतरून असाच उभा राहायचास. इंजिन समोरून गेलं की ड्रायव्हरला हात करायचास. त्यानं हात केला की दिवसभर तेच सांगायचास. हे मला तेव्हा, त्या क्षणी आठवलं असं मी म्हणणार नाही. ते नंतर आठवलं आणि मी त्याला धरून राहिले. त्या क्षणी माझ्या डोक्यात काहीच नव्हतं. तुझ्यात आणि माझ्यात अर्धा फलाट होता. हाक मारावी तर दचकून पुढे जाशील, न मारावी तर... इतक्या लोकांच्या छातीवर हात दाबून मी श्वास परत आणलेत, पण त्या वेळी माझाच श्वास मला सापडला नाही. तू एक पाऊल पुढे टाकलंस. एकच. गाडी आली, धूळ उडाली, तू दिसेनासा झालास, डबे जात राहिले. गाडी गेली तेव्हा तू तिथेच उभा होतास, पिवळ्या पट्टीच्या आत, शर्ट वाऱ्यानं पाठीवर फुगलेला. मग तू मागे वळलास, बाकावर बसलास आणि दोन्ही हातांनी तोंड झाकलंस.

मी तुझ्याकडे आले नाही. का आले नाही, हे मी तेव्हापासून स्वतःला विचारते आहे. मला वाटलं, तू मला असं पाहिलंस, फाटलेल्या युनिफॉर्ममध्ये, तर तुला कळेल की मी काय समजून आले. आणि तसं काही तुझ्या मनात नसेल तर ते मीच तुझ्या मनात घातल्यासारखं होईल. मी पाण्याच्या टाकीआड उभी राहिले. खामगावची गाडी लागली, तू चढलास, मी मागच्या डब्यात चढले. तू खिडकीशी बसलास का, कुणाशी बोललास का, काही ठाऊक नाही. खामगावला तू चालत निघालास आणि मी रिक्षा करून तुझ्याआधी घरी पोचले, फाटका युनिफॉर्म बदलला आणि कांदा चिरायला घेतला. तू दारातून आलास तेव्हा माझ्या डोळ्यांत पाणी होतं, ते कांद्याचं धरलं गेलं. 'मिळालं का?' मी विचारलं. 'मिळालं,' तू म्हणालास.

तू नळ जोडत होतास तेव्हा तुझे बाबा आले. खाकी कपड्यांवरच, मेहकरहून गाडी दुसऱ्याच्या हवाली करून, मिळेल त्या जीपनं. दारातच थांबले. तुला पाहिलं, मला पाहिलं आणि खाली बसून बुटाची नाडी सोडायला लागले. ती सोडायला त्यांना फार वेळ लागला. तू म्हणालास, 'आई, कॉक सोड.' मी गच्चीवर गेले, कॉक सोडला आणि टाकीला डोकं टेकून रडले. खाली आले तेव्हा तुम्ही दोघं नळाकडे पाहत उभे होतात. तू मूठ फिरवलीस, धार आली. बंद केलीस, थेंबही नाही. तुझे बाबा म्हणाले, 'भारी काम केलं बे.' मग आम्ही चहा प्यायलो. जलंब हा शब्द कुणीच काढला नाही.

पुढचं तुला माहीत आहे. तू गल्लीतल्या लोकांचे नळ नीट करून द्यायला लागलास, पुन्हा जेवायला बाहेर बसायला लागलास. मग तुझा मित्र अविनाश तुला वाळूजला कंपनीत घेऊन गेला आणि आम्ही दोघांनी ठरवलं की ते संपलं. आजार उतरला की पेशंट स्वतःच्या पायांनी घरी जातो, तसं. खरं तर मी इतर आयांना काय सांगते? विचारा, स्पष्ट विचारा, शब्द उच्चारल्यानं काही होत नाही, न उच्चारल्यानं होतं. त्यांना सांगते आणि माझ्या मुलाला मी 'जेवलास का' विचारते.

एवढं मी काल घरी लिहिलं होतं. आता हे पुढचं वाळूजला, तुमच्या दोघांच्या घरी अविनाशच्या पलंगावर बसून लिहिते आहे, तुझ्या बंद दाराच्या अलीकडे. काल रात्री त्याचा फोन आला, 'काकू, तो कामावर जाऊन नाई राह्यला. खोलीतून निघत नाई, बोलत नाई. तुम्ही या.' आम्ही दोघंही पहिल्या गाडीनं निघालो. मघाशी तू दार किलकिलं करून माझ्या हातून चहा घेतलास, 'कशाला आलात' म्हणालास आणि आत गेलास. तोंडानं मला अजूनही जमत नाही, म्हणून हा कागद दाराखालून सरकवते आहे. अश्वजित, तुझ्या मनात मरायचं येतं का? त्या दिवशी फलाटावर आलं होतं का? 'हो' असेल तर 'हो' म्हण. मी घाबरणार नाही, रागावणार नाही, तुझ्या बाबांना हाक मारणार नाही. ते इथेच माझ्याजवळ बसले आहेत आणि त्यांनाही ऐकायचं आहे. 'नाही' म्हणालास तरी आज आम्ही जाणार नाही. आम्ही रजा टाकून आलो आहोत, आणि इथल्या एका डॉक्टरांशी बोललोही आहोत, पण ते नंतर. तू सगळं समजावून सांगायची गरज नाही. नुसतं दार उघड आणि इथे येऊन बस. बोलायचं नसेल तर बोलू नकोस, मी बोलेन. या वेळी मी टाकीआड उभी नाही, बाळा. दाराच्या या बाजूला आहे.

तुझीच,
आई